शूटिंग कंपनीचं, उधारी माझ्या नावावर

मराठी मालिका कशावर चालते, असं विचारलं तर कुणी टीआरपी म्हणेल, कुणी लेखकाला श्रेय देईल, कुणी नायिकेचं नाव घेईल. मी प्रॉडक्शन मॅनेजर आहे, माझं उत्तर कोरडं आहे. मालिका उधारीवर चालते. कलाकारांचे आणि तंत्रज्ञांचे पैसे 90 दिवसांनी द्यायचे, हा टीव्हीतला रिवाज. जनरेटरवाला, केटरर, टेम्पोवाला, मंडपवाला यांना तर ‘चॅनलचं पेमेंट आलं की बघू’ एवढंच सांगितलेलं असतं. तरीही या तीन महिन्यांत रोज सकाळी सातला सेटवर दिवे लागतात, नाश्ता येतो, वरातीचा घोडा येतो, पाऊस पाडायला पाण्याचा टँकर येतो. हे सगळं कुणाच्या भरवशावर येतं? कंपनीचं नाव लेटरहेडवर असतं. माणसं येतात ती ज्यानं फोन केला त्याच्या शब्दावर, आणि फोन माझ्या मोबाईलवरून गेलेला असतो.

कंपनीच्या उधारीला तिचाच पगारी नोकर जामीन राहतो, हे या धंद्यात इतकं अंगवळणी पडलंय की त्यात कुणाला काही वावगं वाटत नाही. मला वाटतं. कारण या व्यवहाराच्या दुसऱ्या बाजूला मी लहानाची मोठी झाले.

वाईत मधल्या आळीत आमचं किराणा दुकान होतं. वाईला शूटिंगची नवलाई केव्हाच संपलीय. प्रकाश झांच्या ‘गंगाजल’मध्ये (2003) बिहारमधलं तेजपूर म्हणून जे दिसतं ते आमचं वाई, आणि ‘स्वदेस’मधलं (2004) चरणपूर म्हणजे शेजारची मेणवली, नाना फडणवीसांच्या वाड्याखालचा कृष्णेचा घाट. परराज्यातली गावं आमच्याकडे उभी राहतात, कारण नदी, घाट, जुने वाडे, उसाची शेतं हे सगळं दहा-पंधरा किलोमीटरच्या आत मिळतं आणि मुंबईहून चार-पाच तासांत पोचता येतं. युनिट आलं की आमच्या दुकानातून साखर, चहापत्ती, पोहे, तेलाचे डबे जायचे. बाबांच्या उधारीच्या वहीत गावातल्या गिऱ्हाइकांची पानं होती तशी शूटिंगवाल्यांचीही होती. पण ती कंपनीच्या नावानं कधीच नव्हती. ‘कंपनी उद्या मुंबईला जाईल, मला माणसाचं नाव सांग,’ असं ते सामान न्यायला आलेल्या पोराला म्हणायचे. पानाच्या डोक्यावर त्या पोराचं नाव, गाव आणि तो कुणाच्या ओळखीनं आला ते लिहायचे. पैसे बहुतेक वेळा यायचे, उशिरा का होईना. जे आले नाहीत ती पानं त्यांनी कधी फाडली नाहीत. दिवाळीला वही बदलली की बाकी नव्या वहीत ओढली जायची, त्या पोराच्या नावासकट. तो पोरगा बिचारा तोवर तिसऱ्याच कुणाच्या तरी युनिटमध्ये चहा वाटत असायचा.

किसन वीर महाविद्यालयातून बी.कॉम. झाल्यावर मी अशाच एका युनिटला हिशेबाच्या मदतीसाठी लागले. व्हाउचरवर सह्या घ्यायच्या, रेव्हेन्यू स्टॅम्प चिकटवायचे, पॅकअपला कन्व्हेयन्सची पाकिटं वाटायची. पुढे गोरेगावला आले, प्रॉडक्शन असिस्टंट झाले, मग मॅनेजर. आता कुठल्या कुठल्या किराणा दुकानातल्या वहीत पानाच्या डोक्यावर माझं नाव असतं.

प्रॉडक्शन मॅनेजर म्हणजे सेटवर मोबाईल कानाला लावून फिरणारी, कुणावर तरी ओरडणारी व्यक्ती, असा समज आहे. ओरडावं लागतं हे खरं. पण ओरडण्याची वेळ येते तेव्हा काम आधीच बिघडलेलं असतं. खरं काम आदल्या दिवसापर्यंत संपलेलं असावं लागतं. दिग्दर्शक सीन वाचतो तेव्हा त्याला नवऱ्याचं आणि बायकोचं भांडण दिसतं. मी वाचते तेव्हा मला ‘बाह्य, रात्र, पाऊस’ एवढेच तीन शब्द दिसतात. बाह्य म्हणजे ग्रामपंचायतीचं पत्र, पोलीस ठाण्याला अर्ज, गर्दी आवरायला चार पोरं. रात्र म्हणजे जनरेटर, आणि 125 केव्हीएचा जनरेटर अर्ध्या लोडवरही तासाला बारा-पंधरा लिटर डिझेल खातो. पाऊस म्हणजे टँकर, पाइप, फवारे, भिजणाऱ्या कलाकारांना कपड्यांचे दोन-दोन जोड, टॉवेल, गरम पाणी, शिवाय केबल पाण्यात नाहीत ना हे बघायला लाईटचा एक माणूस. लेखकानं पाऊस काढून भांडण स्वयंपाकघरात नेलं तर कथेचं काही बिघडतं का, हे विचारायला मी कचरत नाही. लेखक रागावतात. कधीकधी ऐकतातही.

आणि परवानग्या! पडद्यावर बैलजोडी, घोडा, अगदी घरातला कुत्रा दाखवायचा तरी भारतीय पशू कल्याण मंडळाची परवानगी लागते. मंडळाचं कार्यालय पूर्वी चेन्नईला होतं, आता हरियाणातल्या बल्लभगडला आहे. म्हणजे जावळी तालुक्यातल्या शेतकऱ्याचा बैल त्याच्याच शेतात उभा करून चित्रित करायचा, तर कागद हरियाणाला पाठवायचे. जनावरांचे हाल थांबावेत म्हणून नियम आहे, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण लेखक सोमवारी रात्री सीन पाठवतो, त्यात ‘दारात गाय हंबरते’ असं असतं आणि शूटिंग बुधवारी असतं. मग गाय दिसत नाही, नुसतीच ऐकू येते. मराठी मालिकांमध्ये गोठे रिकामे का असतात, हे कुणाला कोडं वाटत असेल तर उत्तर हे आहे.

लहान मुलांचं तसंच. 2017 च्या नियमांप्रमाणे बालकलाकाराला दिवसात पाच तासांपेक्षा जास्त काम देता येत नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त तर नाहीच. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते आणि त्याच्या कमाईचा किमान 20 टक्के वाटा राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावावर मुदत ठेवीत टाकावा लागतो. हा नियम मला मनापासून आवडतो. आमच्या सेटवर ज्याचे पैसे कायद्यानं सांभाळलेले असतात असा बहुधा तो एकच माणूस, वय वर्षं आठ.

जेवणावर मी स्वतंत्र लेख लिहू शकेन. ऐंशी जणांच्या नाश्त्याला पाच-सहा किलो पोहे भिजवावे लागतात, आणि सलग तीन दिवस पोहे दिले तर चौथ्या दिवशी लाईटदादांचं काम हळू होतं. कुणी बोलत नाही, पण होतं. एका ताटात काय, दुसऱ्या ताटात काय, हे युनिट डोळ्यांत तेल घालून बघत असतं. कलाकारांना पनीर आणि बाकीच्यांना बटाटा, असा भेद मी माझ्या सेटवर ठेवत नाही. निर्माते म्हणतात, खर्च वाढतो. वाढतो थोडा. पण दुपारनंतरचे दोन सीन वेळेत होतात, ते कुणी हिशेबात धरत नाही.

आणि बायकांसाठी स्वच्छतागृह. आउटडोअरला रेकी करताना दिग्दर्शक आणि छायालेखक सूर्य कुठून उगवतो ते बघतात. मी जवळचं घर बघते आणि त्या घरातल्या काकूंशी ओळख काढते. नायिकेला व्हॅनिटी व्हॅन मिळते. हेअरड्रेसर, कॉस्च्यूमची मुलगी, सहायक दिग्दर्शिका, गर्दीत उभ्या राहणाऱ्या ज्युनियर आर्टिस्ट बायका यांनी काय करायचं? या धंद्यात बायकांना मेकअप आर्टिस्ट म्हणून संघटनेचं कार्ड मिळावं यासाठीसुद्धा सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावं लागलं, निकाल आला नोव्हेंबर 2014 मध्ये. तोवर बायकांनी केस विंचरावेत आणि पुरुषांनी रंग लावावा, अशी वाटणी होती. असो, तो विषय वेगळा.

हे सगळं पडद्यामागे राहतं, त्याचं मला फार दुःख नाही. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत वेशभूषेला पुरस्कार आहे, रंगभूषेला आहे, ध्वनीला आहे, निर्मिती व्यवस्थापनाला नाही. नसू दे. आमचं काम चांगलं झालं की ते दिसत नाही, मग परीक्षकांनी काय बघून गुण द्यायचे? मालिकेची श्रेयनामावली हल्ली दिसली तर दिसते, ओटीटीवर तर पुढचा भाग आपोआप सुरू होतो. आईला वाटतं टीव्हीवर नाव यावं. मला वाटतं बिलं वेळेवर निघावीत. नाव नको तिथं पुरेसं येतं.

नको तिथं म्हणजे कुठं, ते सांगते. काही वर्षांपूर्वी साताऱ्याकडच्या एका मालिकेवर मी होते. गावातला वाडा भाड्यानं घेतला होता. स्थानिक केटरर, स्थानिक टेम्पो, स्थानिक मंडपवाला, सगळे माझ्या ओळखीचे किंवा ओळखीच्यांच्या ओळखीचे. टीआरपी घसरला आणि चॅनलनं मालिका गुंडाळायला सांगितली. शेवटच्या भागाचं शूटिंग झालं, केक कापला, फोटो झाले. त्या दिवशी सगळ्यांचे तीन महिन्यांचे पैसे बाकी होते, कारण 90 दिवसांचा हिशेबच तसा असतो. मालिका चालू असेपर्यंत जुनं बिल निघतं, कारण उद्याचं शूटिंग अडायला नको. ती बंद पडली की अडायला काही उरतच नाही. कंपनीनं आधी मुदत मागितली, मग ऑफिस बदललं, मग अकाउंटंट बदलला. नव्या अकाउंटंटला जुनी बिलं पुन्हा मेल करायची होती, सह्यांसकट.

फोन मात्र कंपनीला गेले नाहीत. ते मला आले. पहाटे साडेपाचला आले, सणाच्या दिवशी आले. टेम्पोवाले तात्या एकदाही वाकडं बोलले नाहीत, त्याचंच जास्त वाईट वाटायचं. ‘ताई, कंपनीला आमी कुटं वळखतोय? तुमी सांगितलं म्हनून गाडी लावली. हप्ता थकलाय, येवढंच बगा,’ एवढंच ते म्हणायचे. दोन-तीन लहान माणसांचे पैसे मी माझ्या मुदत ठेवीतून दिले. मोठ्या बिलांचं ते शक्यच नव्हतं. निर्मात्याला फोन केला तर ते गोड आवाजात म्हणाले, ‘मॅडम, तुमचे तिथं घरचे संबंध आहेत, जरा सांभाळून घ्या ना.’ कंपनीनं माझे घरचे संबंध भाड्यानं घेतले होते, आणि भाडंही थकवलं होतं. माझाही तीन महिन्यांचा पगार त्याच बाकीत होता.

मी एकटी नाही. या धंद्यात जरा मुरलेल्या कुठल्याही प्रॉडक्शनवाल्याला विचारा. कुणी बायकोच्या भिशीतून जनरेटरचं डिझेल भरलंय, कुणी क्रेडिट कार्डावर युनिटच्या हॉटेलचं बिल दिलंय, कुणी आपल्याच गावी जायचं बंद केलंय.

यावर लगेच एक टोमणा येतो: प्रॉडक्शनवाले कमी खातात का? तोही विषय टाळून चालणार नाही. खाणारे आहेत. बिल फुगवून वरचे पैसे घेणारे आहेत, तीस ताटं आली असताना चाळीसवर सही करणारे आहेत. पण उधारी आणि खाबूगिरी या वेगळ्या गोष्टी नाहीत. तीन महिने थांबायचंय हे ठाऊक असलेला पुरवठादार दर वाढवूनच सांगतो. त्याला व्याज कुठून तरी काढायचंच असतं. दर एकदा फुगला, खरा भाव किती हे कुणालाच सांगता येईनासं झालं, की त्यात आणखी एकाचा वाटा सहज मुरतो. रोख पैसे देणाऱ्या युनिटवर मी कामं केली आहेत, जाहिरातींची जास्त करून. तिथं तोच जनरेटर कमी भाड्यात येतो आणि मालक स्वतः सोबत येतो. उधारीमुळे निर्मात्याचे पैसे वाचतात, हा भ्रम आहे. त्याला महागात पडतं, फक्त ते एका ओळीत लिहिलेलं दिसत नाही.

भारतीय सिनेमाचा आरंभच असा झाला, असं कुणी म्हणेल. फाळक्यांनी विम्याच्या पॉलिसीवर पैसे उचलले, लंडन गाठलं, कॅमेरा आणला. ‘राजा हरिश्चंद्र’ 3 मे 1913 रोजी गिरगावातल्या कोरोनेशनमध्ये लागला, त्याआधी दादरच्या बंगल्यात त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करत होत्या, भर उन्हात पांढऱ्या चादरी धरून उजेड परतवत होत्या, रात्री फिल्मला भोकं पाडत होत्या. माझ्या लेखी देशातल्या पहिल्या प्रॉडक्शन मॅनेजर त्याच. परेश मोकाशींच्या ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’त (2009) ती धावपळ फार गोड दिसते, आणि मी तो चित्रपट पुन्हा पुन्हा बघते. पण फाळक्यांनी गहाण टाकली ती स्वतःची पॉलिसी. सरस्वतीबाई राबल्या त्या स्वतःच्या संसारासाठी. आजच्या कंपन्यांना ती कथा व्यासपीठावर सांगायला आवडते. त्यातला संसार मात्र आता स्पॉटदादाचा असतो.

कायदा काय म्हणतो? चित्रपट कामगारांसाठी 1981 चा केंद्रीय कायदा होता. लेखी करार केल्याशिवाय सिनेकामगाराला कामावर घेऊ नका, असं तो स्पष्ट सांगायचा. पण सिनेकामगार कोण, तर महिन्याला 1,600 रुपयांपर्यंत मिळवणारा, अशी त्या काळची मर्यादा होती, आणि तो कायदा लिहिला गेला तेव्हा रोजच्या मालिका कुणाच्या स्वप्नातही नव्हत्या. 2020 च्या व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहितेत मालिका आणि डिजिटल निर्मितीसुद्धा आली, करारही आला. चांगलं झालं. फक्त माझ्या ओळखीचे निम्मे लाईटदादा कराराचा कागद बघितला की विचारतात, ‘ताई, काम जाणार का आमचं?’ इतकी त्यांना कागदाची सवय नाही.

दुसरा कायदा आमच्या धंद्यात फारसा कुणी उच्चारतही नाही. 2006 च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग कायद्याप्रमाणे लहान पुरवठादाराचे पैसे करार नसेल तर 15 दिवसांत आणि करार असला तरी जास्तीत जास्त 45 दिवसांत द्यावे लागतात. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट दरानं चक्रवाढ व्याज. 2023 च्या अर्थसंकल्पानं त्याला आणखी एक दात दिला: अशा सूक्ष्म किंवा लघु उद्योगाचं बिल मुदतीत दिलं नाही, तर ते प्रत्यक्ष दिलं जाईल त्या वर्षीच तो खर्च करपात्र उत्पन्नातून वजा करता येतो, 1 एप्रिल 2024 पासून. म्हणजे माझा केटरर, जनरेटरवाला, टेम्पोवाले तात्या यांनी या कायद्याखालची उद्यम नोंदणी केलेली असेल तर 90 दिवसांचा रिवाज सरळसरळ कायद्याच्या विरुद्ध जातो. मी तात्यांची नोंदणी करून दिली. आधार कार्ड, पॅन कार्ड, मोबाईल, एक पैसा खर्च नाही. आता माझ्याकडे बिल लावणाऱ्या प्रत्येकाला मी आधी हे करायला लावते, बिलावर उद्यम क्रमांक छापायला लावते. गंमत अशी, की वस्तू विकणाऱ्या व्यापाऱ्याला उशिराच्या पेमेंटविरुद्धचं हे संरक्षण नाही. बाबांच्या दुकानाला या कायद्याचा काही उपयोग झाला नसता. त्यांची वही बरी म्हणायची.

निर्मात्यांची बाजू मला माहीत नाही असं नाही. लहान निर्माता स्वतः चॅनलकडे हात पसरून उभा असतो. रोज वीस-बावीस मिनिटांचा भाग द्यायचा, आठवड्यातून सहा दिवस, कधी महाएपिसोड, आणि त्याचे पैसे मागाहून. मधला काळ तो व्याजानं पैसे काढून भरतो. चॅनलनं काही रक्कम कापली तर ती सोसतो. त्याला वरून थकबाकी येते आणि तो ती खाली ढकलतो. खाली कोण, तर आम्ही, आणि आमच्याखाली तात्या. सगळ्यात कमी ऐपत असलेला माणूस सगळ्यात जास्त मुदत देतो, असा हा उलटा डोलारा आहे.

पण ‘व्यवस्थाच अशी आहे, बदलणं अशक्य’ हे मला कुणी सांगू नये. करोनात मी बघितलंय हा धंदा काय करू शकतो ते. मार्च 2020 मध्ये शूटिंग थांबलं, मेअखेर राज्य सरकारची नियमावली आली आणि काही आठवड्यांत आम्ही अर्ध्याहून कमी माणसांत सेट उभे केले. तापमान मोजणारा माणूस, सॅनिटायझरचे कॅन, मेकअपचे वेगवेगळे ब्रश. पासष्टीच्या पुढच्या कलाकारांना बंदी होती, तर कथेतल्या आजी-आजोबांना रातोरात काशीयात्रेला पाठवलं. ती बंदी ऑगस्टमध्ये उच्च न्यायालयानं उठवली तेव्हा ते परत आले. एप्रिल 2021 मध्ये पुन्हा बंद. तेव्हा तर चार दिवसांत आख्ख्या मालिका उचलून गोव्याला, सिल्वासाला, हैदराबादला नेल्या. हॉटेलं, बसगाड्या, चाचण्या, नव्या बंगल्यात जुन्या दिवाणखान्याचे पडदे. मे महिन्यात गोव्यानंही दार लावलं, तर तिथून पुढे. टेलिकास्ट चुकायला नको होता ना, मग सगळं जमलं. जो धंदा चार दिवसांत शंभर माणसांचं बिऱ्हाड राज्याबाहेर हलवतो, त्याला 45 दिवसांत एका टेम्पोचं भाडं चुकतं करता येत नाही, हे मला पटत नाही.

माझं मागणं फार मोठं नाही. चॅनलनं निर्मात्याशी करार करतानाच पहिल्या तीन महिन्यांच्या खर्चाचा ठरावीक हिस्सा वेगळ्या खात्यात ठेवावा, आणि मालिका बंद झाली की त्या खात्यातून आधी पुरवठादार, रोजंदारीची माणसं आणि तंत्रज्ञ यांची बाकी भागवावी, निर्मात्याला उरलेलं. चॅनलला यात तोटा नाही, पैसे त्यांना द्यायचेच असतात, फक्त क्रम बदलतो. चित्रपटांच्या बाबतीत सरकारच्या हातात अनुदान आहे. अनुदानाच्या अर्जाबरोबर सगळी देणी चुकती केल्याचा दाखला मागा, आणि त्यावर निर्मात्याच्या सहीबरोबर जनरेटरवाल्याची, केटररची सहीही मागा. कुणी म्हणेल, खोट्या सह्या होतील. होतील काही. पण सही मागायला तरी त्याच्या दारात जावं लागेल.

आणि सगळ्यात आधी ऑर्डर कंपनीच्या नावानं, कंपनीच्या ईमेलवरून, मुदत लिहून जाऊ द्या. माझ्या मोबाईलवरून ‘दादा, उद्या सहाला गाडी लावा’ असा मेसेज गेला की व्यवहार ठरला, हे बंद व्हायला हवं. आमच्यातले काही जण याला विरोध करतील, मला ठाऊक आहे. कारण माणसं आपल्या शब्दावर येतात, याचा आम्हाला छुपा अभिमान असतो. एका फोनवर रात्री दोनला क्रेन आणून दाखवली, ही आमच्यातली मोठेपणाची गोष्ट. तरुण मुलं ती ऐकतात आणि तशीच वागायला जातात. मी माझ्या असिस्टंटला सांगितलंय, क्रेन आण, पण पर्चेस ऑर्डर घेऊन आण. तो हसतो. रात्री दोनला पर्चेस ऑर्डर कोण काढणार, म्हणतो. प्रश्न रास्त आहे. ज्याला रात्री दोनला क्रेन हवी असते, त्यानं जागं राहावं.

पुढच्या महिन्यात भोरला एका चित्रपटाचं पंचवीस दिवसांचं शेड्यूल सुरू होतंय. निर्माते नवे आहेत, माणूस सज्जन वाटतो. त्यांना मी तीन अटी लिहून पाठवल्या आहेत. रोजंदारीच्या माणसांचे पैसे त्याच आठवड्यात, पुरवठादारांना लेखी ऑर्डर आणि 45 दिवसांची मुदत, आणि शेवटच्या आठवड्याचा सगळा खर्च शूटिंग सुरू होण्याआधी बँकेत. पहिल्या दोन अटी त्यांनी लगेच मान्य केल्या. तिसरीबद्दल सीएशी बोलून सांगतो म्हणालेत. भोरच्या मंडपवाल्याचा फोन येऊन गेला, तारखा अडवू का विचारत होता. त्याला म्हटलं, ईमेल येईपर्यंत अडवू नका.